क्लोद झांसाक: सात वेळा एकाच माणसाची बायको

चौथी रांग (धागाकर्ती)

मी पुण्यात फ्रेंच शिकवते. सत्राच्या शेवटी क्रियापदं चालवून पोरांची तोंडं उतरली की लुई द फ्युनेसच्या चित्रपटातला एखादा तुकडा लावते. भाषा कळायची गरज नसते. टक्कल पडलेला, बुटका, सतत फणफणणारा तो माणूस पडद्यावर आला की वर्ग आपोआप हसतो. यंदा तुकडा संपल्यावर मागच्या बाकावरच्या एका मुलीनं विचारलं, "मॅडम, ती बायको कोण आहे? तिला हसू कसं येत नाही?"

मी दोन वाक्यांत काहीतरी उत्तर दिलं. घरी आल्यावर ते माझं मलाच पटेना, म्हणून हा धागा.

त्या बायकोचं नाव क्लोद झांसाक. उच्चाराचं आधीच सांगून टाकते, नाहीतर शंकासुर येतीलच. हा झ 'झाड'मधला नाही आणि 'झेंडा'मधलाही नाही. 'श' म्हणता म्हणता गळ्यातून आवाज काढा, तो हा झ. पुढचा अनुस्वार नाकात, आपल्या कोकणी माणसाला एका फटक्यात जमतो.

जन्म १ मार्च १९२७, पॅरिसच्या ईशान्येला वाझ विभागातल्या असी-आँ-मुल्तियाँ नावाच्या खेड्यात. रंगभूमीवर तयार झालेली नटी. १९५३ मध्ये नाटककार-दिग्दर्शक साशा गित्रीच्या 'ला व्ही दं ओनेत ओम' (एका सज्जन माणसाचं आयुष्य) या चित्रपटात ती आणि फ्युनेस दोघंही होते, पण दोघंही किरकोळ कामांत. नायक होता मिशेल सिमाँ. फ्युनेसला तेव्हा कुणी विचारत नव्हतं. १९१४ चा जन्म, आणि खरा स्टार झाला तो १९६४ मध्ये 'सँ-त्रोपेचा जांदार्म' आल्यावर, म्हणजे पन्नाशीत. (जांदार्म म्हणजे फ्रान्समधला फौजी शिस्तीतला पोलीस, मुख्यतः खेड्यापाड्यांत आणि छोट्या गावांत दिसणारा.)

झांसाकचं नशीब फिरलं १९६७ मध्ये. त्या एका वर्षात ऑक्टोबरमध्ये 'ऑस्कार' आणि डिसेंबरमध्ये 'ले ग्रांद व्हाकांस' (मोठी सुट्टी). दोन्हींत ती फ्युनेसची बायको. पहिल्यात तो कारखानदार, दुसऱ्यात शाळेचा मुख्याध्यापक. 'मोठी सुट्टी' बघायला फ्रान्समध्ये सत्तर लाखांच्या आसपास तिकिटं फाटली. पडद्यावरचा नवरा तिला लाडानं 'मा बिश' म्हणायचा. शब्दशः 'माझी हरिणी', पण आपल्याकडे कुणी बायकोला हरिणी म्हणत नाही, तेव्हा 'राणी' समजा. ती हाक तिला जी चिकटली ती कायमची.

आता मुलीच्या प्रश्नाकडे येते. तिला हसू कसं येत नाही? फ्युनेसचा विनोद म्हणजे प्रेशर कुकर. नाक ओढणं, कुत्र्यासारखं गुरगुरणं, वरच्यापुढे लोटांगण आणि खालच्यावर खेकसणं. ही सगळी वाफ आहे. वाफ दिसायला झाकण घट्ट लागतं, आणि झांसाक हे ते झाकण आहे. नवरा समोर माकडासारखा नाचत असतो आणि ती "आज जेवायला कोण कोण येणार आहे" अशा चेहऱ्यानं त्याच्याकडे बघते. बारकाईनं पाहा, ती नुसती थांबलेली नसते. ती *ऐकत* असते. तो खोटं बोलतोय हे तिला कळलंय, पण पाहुण्यांसमोर ते दाखवायचं नाही, एवढं सगळं ती भुवईच्या एका हालचालीत बसवते. मध्यमवर्गीय गृहिणीची ही मुत्सद्देगिरी आपल्याला नवीन नाही.

माझा सगळ्यात आवडता 'इबेर्नातुस' (१९६९). १९०५ मध्ये बर्फात गोठलेला एक तरुण पासष्ट वर्षांनी जिवंत सापडतो आणि तो निघतो झांसाकचा आजोबा! वय पंचविशीच्या आसपासच राहिलेलं. त्याला धक्का बसू नये म्हणून सगळं घर, आजूबाजूच्या माणसांसकट, १९०५ सालचं करून टाकतात. आणि आजोबाला वाटतं की ही बाई म्हणजे आपली आई. म्हणजे बाईनं आपल्याच आजोबाची आई व्हायचं, आणि तिच्या नवऱ्यानं स्वतःच्या घरात परका होऊन तिच्यामागे लागायचं. फ्युनेस यात सुटलेला आहेच, पण चित्रपट डोक्यावर पडत नाही तो तिच्यामुळे. मुलाच्या वयाच्या आजोबाकडे ती ज्या मायेनं बघते ती खरी वाटते. ती माया खोटी वाटली असती तर उरला असता नुसता फार्स.

तर माझा मुद्दा असा की आपण तिला 'फ्युनेसची बायको' म्हणून बाजूला ठेवतो आणि त्या बायकोच्या कामाकडे कुणी बघतच नाही. तुम्हाला काय वाटतं?

रिकामटेकडी

पहिली! लेख आवडला. कुकरचं झाकण भारी. पण हे सगळं बघायचं कुठे? आणि इंग्रजी सबटायटलं असतात का?

शंकासुर

नाव घेतलंत म्हणून आलो. उच्चाराबद्दल तक्रार नाही (चक्क!). पण शीर्षकात 'सात वेळा बायको' म्हटलंय, आणि मी सगळीकडे दोघांचे दहा चित्रपट वाचलेत. तीन कुठे गेले?

चौथी रांग

@शंकासुर, मोजूनच लिहिलंय. १९५३ चा गित्री सोडला तर १९६७ ते १९८२ या काळात दोघांचे दहाच. पण दहाही ठिकाणी ती बायको नाही. 'लेल ऊ ला क्विस' (१९७६) मध्ये ती त्याची सेक्रेटरी आहे. 'लावार' (१९८०), म्हणजे मोलिएरचा कंजूष, त्यात ती फ्रोझीन, म्हणजे लग्नं जुळवणारी मध्यस्थ. 'ला सूप ओ शू' (१९८१) मध्येही ती बायको नाही. उरले सात. 'ऑस्कार', 'ले ग्रांद व्हाकांस', 'ल जांदार्म स मारी', 'इबेर्नातुस', 'ल जांदार्म आँ बालाद', 'जो', आणि शेवटचा 'ल जांदार्म ए ले जांदार्मेत'.

@रिकामटेकडी, वितरकांची चक्रं दर वर्षी फिरतात, आज इथे तर उद्या तिथे. पण यांच्या चित्रपटांच्या डीव्हीडी निघालेल्या आहेत. सुरुवात 'ऑस्कार'पासून करा. मूळ नाटकच आहे, एका घरात एका दिवसात घडतं. सारख्या दिसणाऱ्या बॅगांची अदलाबदल. सबटायटल नसलं तरी बॅग कळते.

शंकासुर

'ल जांदार्म स मारी'मध्ये ती बहुतेक वेळ बायको नसते, लग्न शेवटी होतं. म्हणजे साडेसहा. ह. घ्या.

जुना प्रोजेक्टर

चौथी रांग, उत्तम धागा. सातचा आकडा वाचून एकदम मार्गारेट ड्युमाँट आठवली. मार्क्स बंधू, म्हणजे जुन्या हॉलिवूडचे विनोदवीर. त्यांच्या सात चित्रपटांत हीच श्रीमंत, भारदस्त विधवा किंवा यजमानीण, आणि त्यांच्यातला ग्राउचो तिच्या तोंडावर वाट्टेल ते बोलतोय. ती फ्रेममधून काढा आणि ग्राउचो नुसता उद्धट माणूस उरतो. विनोदवीराला भिंत लागते. चेंडू भिंतीवर आपटला तरच परत येतो.

फरक एवढाच की ड्युमाँटची विधवा बिचारी बहुतेक वेळा शेवटपर्यंत फसत राहते. झांसाकच्या बायकोला सगळं कळतं. 'जो' (१९७१) पाहा. नवरा नाटककार, घरात प्रेत पडलंय, ते बागेतल्या मांडवाखाली पुरायचं चाललंय, आणि बायको अर्ध्या वाटेत त्याची भागीदार होते. तिचं पात्रच नटीचं आहे, त्यामुळे पोलिसांसमोर अभिनय करणारी नटी, असा अभिनयात अभिनय. तिथे ती भिंत राहत नाही, तीही चेंडू मारायला लागते. मला वाटतं सगळ्या जोडकामात तिला सर्वांत जास्त वाव त्यातच मिळाला.

अवांतर: आपल्याकडे साठच्या दशकातल्या हिंदी सिनेमात मेहमूद, धुमाळ आणि शुभा खोटे हे त्रिकूट असंच चालायचं. शुभाताई मात्र भिंत नव्हत्या, त्या बरोबरीनं धुडगूस घालायच्या. यावर वेगळा धागा काढा कुणीतरी.

तूलूजकर

गेली बारा वर्षं तूलूजमध्ये नोकरी. इथे आल्यावर पहिल्या नाताळात घरमालकीणबाईंनी जेवायला बोलावलं. जेवण झाल्यावर सगळी पिढ्यानपिढ्यांची मंडळी टीव्हीसमोर बसली आणि फ्युनेसचा पिक्चर सुरू झाला. मला वाटलं, काहीतरी खास असेल. नंतर कळलं की दर सणाला, दर सुट्टीला, पावसानं बाहेर जाणं रद्द झालं तरी, हेच लागतं. आपल्याकडे दूरदर्शनवर ठरलेले मराठी सिनेमे पुन्हा पुन्हा लागायचे ना, अगदी तसं. संवाद पाठ असतात. आजी आधी बोलते, मग फ्युनेस बोलतो.

२०२० च्या मार्चमध्ये टाळेबंदी झाली तेव्हा फ्रान्स २ वाहिनीनं दुपारी जुने चित्रपट लावायला सुरुवात केली. त्यातही फ्युनेस होताच आणि लोकांनी तो धो धो पाहिला. त्याच वर्षी पॅरिसच्या सिनेमातेकमध्ये, म्हणजे चित्रपट-संग्रहालयात, त्याच्यावर मोठं प्रदर्शन भरलं. एकेकाळी समीक्षक नाकं मुरडायचे त्या माणसावर. सँ-त्रोपेची ती जुनी जांदार्म चौकी तर २०१६ पासून संग्रहालय झालीये. मी जाऊन आलोय. फ्युनेसचं सगळं सगळं आहे. झांसाकला शोधावं लागतं.

कामाच्या ठिकाणी एक सहकारी बायकोला फोनवर 'मा बिश' म्हणाला की सगळे त्याच सुरात ओरडतात. त्यातल्या निम्म्यांना झांसाकचं नाव विचारलं तर सांगता येणार नाही. चौथी रांग म्हणतात ते हेच.

आणि अजून एक, पोटापाण्याचं. लोकांना वाटतं एवढे सुपरहिट चित्रपट म्हणजे बंगला-गाडी. इथे दुय्यम भूमिका करणाऱ्या नट-नट्यांचं आयुष्य 'अँतेर्मितां' या व्यवस्थेवर चालतं. नाटक-सिनेमातला माणूस वर्षभर सलग नोकरीत नसतो हे सरकारनं मान्य केलेलं आहे. बारा महिन्यांत ५०७ तास काम दाखवलं की मधल्या रिकाम्या दिवसांचा बेकारी भत्ता मिळतो. नटाला दिवसावर किंवा प्रयोगावर एकरकमी मानधन मिळतं, त्याला 'काशे' म्हणतात. एक काशे बारा तासांचा धरतात. म्हणजे वर्षाला त्रेचाळीस काशे झाले की गंगेत घोडं न्हालं. आता दोन-चार दृश्यांची भूमिका करणाऱ्या बाईला सिनेमातून त्रेचाळीस दिवस कुठून मिळणार? म्हणून ती टीव्ही करते, नाटक करते, डबिंग करते, दौऱ्यावर जाते. "कारकीर्द विखुरलेली" असं आपण म्हणतो, ती ५०७ साठी विखुरलेली असते. २००३ मध्ये या नियमांत कपात केली तेव्हा कलाकारांनी संप केला आणि आव्हिन्याँचा नाट्यमहोत्सवच रद्द झाला. आव्हिन्याँ रद्द म्हणजे इथे वारी रद्द झाल्यासारखं.

(फ्युनेसच्या धाकट्या मुलाबद्दल, ऑलिव्हिएबद्दल, एक गंमत. 'ले ग्रांद व्हाकांस' आणि 'इबेर्नातुस'मध्ये तो झांसाकचा पडद्यावरचा मुलगा आहे. पुढे त्यानं सिनेमा सोडला आणि विमानाचा पायलट झाला. आमच्या विमानवाल्या गावात ही गोष्ट प्रत्येकाला माहीत असते.)

रिकामटेकडी

वारी रद्द :)) तूलूजकर, प्रतिसाद वाचून भत्त्याचा फॉर्म भरावासा वाटला. माझं नावच त्या व्यवस्थेला शोभतं.

कांदेपोहे

सगळे एका सुरात हळहळताय म्हणून उलटं बोलतो. अन्याय नेमका कुठे झाला? सत्तर लाख लोकांनी जिला पाहिलं, जिच्या हाकेचं नाव घराघरांत गेलं, तिला उपेक्षित म्हणायचं? फ्रान्समध्ये त्या काळात तिच्यापेक्षा गुणी शेकडो नट्या असतील ज्यांना एकही फ्युनेस भेटला नाही. साचा मिळणं हेसुद्धा नशीबच. आणि तिचं काम भिंतीचंच होतं, तर भिंतीला भिंत म्हणण्यात कसला अपमान? कोणी तिला जबरदस्तीनं आणलं नव्हतं.

चौथी रांग

@कांदेपोहे, जबरदस्ती नव्हती हे मान्य. अन्याय हा शब्दही मी वापरलेला नाही. पण तिनं स्वतः काय म्हटलं ते बघा. २००५ मध्ये आठवणींचं पुस्तक लिहिलं त्याचं नाव 'मा बिश... से व्हीत दी!' मराठीत सांगायचं तर "मा बिश... म्हणायला काय जातंय!" सगळा देश ज्या हाकेनं ओळखतो तीच हाक उचलली, आणि पुढे तीन शब्दांत टोला हाणला. कडवट नाहीये ते. पण सरळसरळ कृतज्ञही नाही. मला तर ते शीर्षकच तिचं उत्तम अभिनयाचं उदाहरण वाटतं. चेहरा तोच, भुवई वर.

आता तुमचा दुसरा मुद्दा, साचा. साचा चालू असेपर्यंत ठीक असतो. मार्च १९७५ मध्ये फ्युनेसला हृदयविकाराचे झटके आले. तो परतला १९७६ मध्ये 'लेल ऊ ला क्विस'मधून, तेही जपून. त्याबरोबर हिचीही गाडी थांबून परत सुरू झाली. १९७९ च्या 'जांदार्म आणि परग्रहवासी'मध्ये तर जांदार्मच्या बायकोची, जोसेफाची, भूमिका मारिया मोबाँनं केली! म्हणजे पात्र तेच, नवरा तोच, बाई वेगळी. १९८२ च्या पुढच्या भागात झांसाक परत, जणू काही झालंच नाही. प्रेक्षकांनी आरडाओरडा केल्याचं काही दिसत नाही. बायको बदलली तरी चालतं, जांदार्म बदलून चालणार नाही. तुमच्या भिंतीच्या सिद्धान्तात हे बसतं का सांगा.

त्या शेवटच्या चित्रपटाचं चित्रीकरण चालू असतानाच दिग्दर्शक जाँ जिरो वारले. सहा महिन्यांनी, २७ जानेवारी १९८३ ला, फ्युनेस गेला. झांसाक तेव्हा पंचावन्न वर्षांची. पुढची तीसेक वर्षं मोठ्या पडद्यावर तिला लक्षात राहावं असं काम जवळजवळ मिळालंच नाही. रंगभूमी आणि टीव्ही यांनी तारलं. तूलूजकरांचे ते ५०७ तास.

कांदेपोहे

मोबाँचा मुद्दा बिनतोड. माघार घेतो, पण अर्धीच. भिंत बदलता येते हे खरं, पण 'इबेर्नातुस'मध्ये मोबाँ असती तर तुम्ही वर जे मायेबद्दल लिहिलंत ते लिहिलं असतं का? म्हणजे ती भिंत नव्हतीच. मीच माझ्याविरुद्ध बोलतोय बहुतेक. चहा घेऊन येतो.

दुपारची झोप

मी यातलं काहीच पाहिलेलं नाही. पण 'कॉल माय एजंट'मधल्या आर्लेतची मी भक्त आहे! ती खांद्याला पिशवी आणि काखेत कुत्रा घेऊन येणारी म्हातारी एजंट. कुत्र्याचं नाव जाँ गाबाँ!! तिच्याबद्दल कुणीतरी लिहा ना. तीही दुय्यमच भूमिका झाली की.

तूलूजकर

@दुपारची झोप, ती लिलियान रोव्हेर. मालिकेचं इथलं नाव 'दी पूर साँ', म्हणजे दहा टक्के. एजंटला नटाच्या कमाईतून कायद्यानं जास्तीत जास्त तेवढंच घेता येतं, त्यावरून. २०१५ मध्ये फ्रान्स २ वर सुरू झाली, चार पर्वं, चोवीस भाग. दर भागात खरेखुरे स्टार स्वतःचीच टर उडवायला येतात, आणि तरी लोकांच्या लक्षात राहिली ती आर्लेत. २०२१ मध्ये मालिकेला आंतरराष्ट्रीय एमी मिळालं.

रोव्हेरबाईंचा जन्म १९३३ चा. म्हणजे मालिका सुरू झाली तेव्हा ऐंशी पार. त्याआधी पन्नासेक वर्षं बारीकसारीक कामं. १९८६ चा तव्हेर्निएचा जॅझवरचा 'ओतूर द मिन्वी' पाहिला असेल तर त्यात आहेत. २००० च्या 'हॅरी' नावाच्या थरारपटात नायकाची आई आहेत. गंमत म्हणजे जॅझ त्यांच्या घरातलंच. तरुणपणी ट्रम्पेटवादक चेट बेकर बरोबर त्यांचं प्रेमप्रकरण होतं, आणि रोव्हेर हे आडनाव नवऱ्याचं, तो जॅझचा बासवादक. इतकं आयुष्य पाठीशी असलेली बाई दोन वाक्यांच्या भूमिकेतही नुसती उभी राहिली तरी फ्रेम भरते. त्यानंतर नेटफ्लिक्सच्या 'फॅमिली बिझनेस'मध्ये गांजाच्या धंद्यात उतरलेल्या घराची आजी झाल्या.

दुपारची झोप

बाप रे, चेट बेकर! म्हणून ती तशी चालते. हिंदी 'कॉल माय एजंट: बॉलिवूड'मध्ये ती जागा सोनी राझदानना दिली होती. त्या चांगल्याच आहेत, पण वय कमी करून टाकलं आणि मजा तिथेच गेली. आपल्याकडे ऐंशीची बाई म्हणजे फोटोला हार घालायच्या तयारीची नाहीतर देवघरात. तिला ऑफिस कोण देणार?

जुना प्रोजेक्टर

दुपारची झोप यांनी मर्मावर बोट ठेवलं. फ्रान्समध्येही सगळं आलबेल नाही, पण तिथे म्हातारीला काम लिहिण्याची एक परंपरा आहे. त्सिला शेल्तोंचं नाव घेतल्याशिवाय हा धागा पुरा होणार नाही. रंगभूमीवर आयनेस्कोच्या 'खुर्च्या' या नाटकातली म्हातारी तिनं गाजवली ती १९५० च्या दशकात, म्हणजे स्वतः चाळिशीच्या आत असताना. पुढे ती अभिनय शिकवायची. फ्रान्सच्या विनोदी सिनेमाचा चेहरा बदलणारी 'स्प्लाँदीद' नावाची नाटकमंडळी तिच्याच वर्गातली. आणि सिनेमात मुख्य भूमिका कधी? १९९० मध्ये, 'ताती दानिएल', वयाच्या सत्तरीत. भूमिका काय, तर नातलगांच्या घरी राहून सगळ्यांना छळणारी दुष्ट म्हातारी. गोड आजीचा साचा असा फोडला की नाव काढलं तरी लोक अजून दचकतात.

एलेन व्हँसाँही तशीच. १९८९ मध्ये 'ला व्ही एत अँ लाँ फ्लव्ह त्राँकील'साठी साहाय्यक अभिनेत्रीचं सेझार (फ्रान्सचा सिनेमातला मोठा पुरस्कार), मग वर्षानुवर्षं आया आणि सासवा, आणि २०२४ मध्ये फ्रान्स्वा ओझोंच्या 'काँ व्हियाँ लोतोन'मध्ये ऐंशी ओलांडल्यावर थेट मध्यवर्ती भूमिका.

आणि मागे जायचं तर पोलीन कार्ताँ. गित्रीच्या चित्रपटांतली कायमची मोलकरीण, नाहीतर इमारतीची दारवालीण. गित्रीनं १९५१ च्या 'ला प्वाझाँ'मध्ये श्रेयनामावलीच वेगळी केली. स्वतः कॅमेऱ्यासमोर येऊन एकेका नटाची ओळख करून देतो, आभार मानतो. त्यात कार्ताँही आहे. दुय्यम नटीचे असे तोंडावर आभार मानलेले मी दुसरीकडे पाहिले नाहीत.

शंकासुर

प्रोजेक्टरकाका, सेझारवरून आठवलं. धागाकर्तीनं सगळ्यात महत्त्वाची गोष्ट अजून सांगितलेलीच नाही. झांसाकला नामांकन मिळालं होतं ना?

चौथी रांग

मुद्दाम राखून ठेवली होती, पण शंकासुरांपुढे काय चालतं!

तर ही गोष्ट तिच्या पंच्याऐंशीनंतरची. २०१३ मध्ये एमान्युएल बेर्कोच्या 'एल सां व्हा' चित्रपटात ती कॅथरीन दनव्हची आई झाली. दनव्ह घरातून सिगारेट आणायला म्हणून गाडी काढते आणि निघूनच जाते, असा चित्रपट. दोघींच्या वयात खरं अंतर फक्त सोळा वर्षांचं, पण खटकत नाही. मग सोलवेग आन्स्पाकचा 'ल्युल्यु फाम न्यू', एतिएन दाव्होदोच्या चित्रकादंबरीवर बेतलेला. कारीन व्हिआरची ल्युल्यु ही चाळिशीतली दबलेली गृहिणी. मुलाखत फसते, गाडी चुकते, आणि ती घरी परतायचंच टाळते. अटलांटिकच्या किनाऱ्यावर, पैसे संपलेले. शेवटी ती एका म्हातारीची पर्स हिसकवायला जाते. ती म्हातारी म्हणजे झांसाक, पात्राचं नाव मार्त. चोरी फसते आणि ल्युल्यु तिच्याच घरी राहायला जाते.

मी हा चित्रपट पाहिला तेव्हा पहिली काही मिनिटं तिला ओळखलंच नाही. उंच बांधलेले केस नाहीत, मोत्यांची माळ नाही, समोर उड्या मारणारा नवरा नाही. आणि ऐकण्याची पद्धत तीच! समोरची बाई खोटं बोलतेय हे कळलेलं, आणि तिला तोंडघशी न पाडण्याचं ठरवलेलं. पंचेचाळीस वर्षांपूर्वी हाच चेहरा विनोदासाठी वापरला होता. इथे त्याच चेहऱ्यावर रडू येतं. मला तेव्हा कळलं की ती 'हसू दाबणारी नटी' कधीच नव्हती. माझ्या विद्यार्थिनीला मी हेच चुकीचं सांगितलं होतं, की ती हसू दाबते. ती दाबत नाही. समोरच्याचं पूर्ण ऐकून घेईपर्यंत ती हसायचं की रडायचं हे ठरवतच नाही.

या भूमिकेसाठी २०१५ च्या सेझारला साहाय्यक अभिनेत्रीचं नामांकन मिळालं. सत्याऐंशीव्या वर्षी.

रिकामटेकडी

आणि??? मिळालं का?

शंकासुर

नाही. क्रिस्टन स्ट्युअर्टला मिळालं, 'सिल्स मारिया'साठी. वय वर्षं चोवीस. सेझार मिळवणारी पहिली अमेरिकन अभिनेत्री.

रिकामटेकडी

व्हँपायरवाली??

शंकासुर

तीच, 'ट्वायलाइट'मधली. आणि तोंड वाकडं करण्याआधी तो चित्रपट बघा. त्यात ती ज्युलिएत बिनोशची सेक्रेटरी आहे, म्हणजे मोठ्या नटीसमोर बसून संवाद वाचून दाखवणारी, तिचं ऐकून घेणारी. धागाकर्तीचा सगळा सिद्धान्त तिथेही लागू होतो. माझ्या मते पुरस्कार योग्य जागी गेला. दगड मारायचे तर मारा.

कांदेपोहे

चहा घेऊन परत आलो तर इकडे व्हँपायर. शंकासुरांशी सहमत व्हायची वेळ माझ्यावर येईल असं वाटलं नव्हतं.

तूलूजकर

२०१६ च्या डिसेंबरात, नाताळ होऊन दोनच दिवस झालेले, ती गेल्याची बातमी आली. एकोणनव्वद वर्षांची होती. ऑफिसला सुट्टी होती. घरमालकीणबाई खाली जिन्यात भेटल्या आणि म्हणाल्या, 'मा बिश' गेली. नाव त्यांनीही घेतलं नाही. मी म्हटलं, "झांसाक." त्या म्हणाल्या, "हो हो, तीच."

दुपारची झोप

'ऑस्कार' मिळाला. आत्ताच अर्धा पाहून झालाय. फ्युनेस नाक ओढतोय आणि मी मुद्दाम फक्त बायकोकडे बघत्येय. आईनं विचारलं काय एवढं टक लावून, तिथे तर काहीच चाललेलं नाही. तिला हा धागा वाचायला दिलाय.

चौथी रांग

@दुपारची झोप, आईंना सांगा, मागे जाऊन तो तुकडा परत लावायचा. त्या मुलीला आता 'ल्युल्यु' दाखवणार आहे, पण ती परीक्षेनंतर. आधी क्रियापदं.